नान्ना पडद्याशी बोलले

मी घर सोडलं त्या सकाळी नान्नांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, माग बंद केला नाही. मी बॅग घेऊन उंबऱ्यात उभी, आत टॉवेलचा माग खडखडतोय आणि ते पाठमोरे. रिक्षापर्यंत अम्मा आली. म्हणाली, "राग हाय त्यांचा. जाईल की." कसला जातोय! आम्ही सोलापूरचे तेलुगू विणकर, आणि मी लग्न केलं ते सांगोल्याकडच्या, मेंढरं राखणाऱ्या घरातल्या मुलाशी.

आता पुण्यात फ्लॅट आहे, नोकरी आहे आणि रविवारचा व्हिडिओ कॉल. त्यात नान्ना अम्माशेजारी बसतात, पण माझ्याशी बोलत नाहीत. "तिला इचार, जेवली का," असं तिला सांगतात. मला ऐकू येतं हो सगळं! तरी अम्मा पुन्हा विचारते, मी तिला सांगते, ती त्यांना सांगते. माझ्यासारखे जे निघून आलात, तुमच्याही घरी असा एखादा दुभाषी असेलच.

परवा अम्मानं बोलावून घेतलं. गल्लीतल्या मंडळानं जुना मूकपट लावला होता. मूकपटात संवादांच्या पाट्या येतात. पूर्वी ज्यांना वाचता येत नसे त्यांच्यासाठी पडद्याशेजारी उभं राहून कुणीतरी त्या तेलुगूत मोठ्यानं सांगायचं. आमच्या वस्तीत ते काम माझ्या पणजोबांचं, म्हणून या वेळी मान नान्नांना.

पडद्यावर एक मुलगी बापाच्या मनाविरुद्ध लग्न करून जाते, आणि शेवटी परत येऊन दाराशी उभी राहते. बाप दार उघडतो. पाटी आली, "मुली, आत ये." नान्नांनी मोठ्यानं सांगितलं, "रा अम्मा, लोपलिकि रा." आमच्यात लेकीलाही लाडानं अम्माच म्हणतात. मग पाटीवर नसलेलंच एक वाक्य त्यांनी पुढं जोडलं, "तिन्नावा?" जेवलीस का?

बायकांनी पदर डोळ्यांना लावले. मलाही रडू आलं, आणि लगेच संताप आला. त्या पडद्यावरच्या पोरीला यांना विचारता येतं, आणि मी तिसऱ्या रांगेत बसलेली!

घरी आलो, पानं मांडली. "तिला वाढ," नान्ना अम्माला म्हणाले. मी अम्माकडं बघितलंच नाही. म्हटलं, "नान्ना, मी सकाळपासून जेवले नाही."

ते उठले आणि आत जाऊन माग सुरू केला.

पुण्यात नवरा रोज विचारतो, जेवलीस का, आणि मी उत्तर देते. तरी घर म्हटलं की मला अजून तेच आठवतं, जिथं मी समोर बसलेली असताना माझं जेवण अम्माला विचारलं जातं.