सगळ्यात खालचं पाकीट

आखातातल्या हमरिया फ्री झोनमधल्या एका कंपनीत मी ऑपरेशन थिएटरची यंत्रं दुरुस्त करते आणि घेणाऱ्यांना ती चालवायला शिकवते. बारा वर्षं झाली. शस्त्रक्रियेची अवजारं वाफेने निर्जंतुक करणारा ऑटोक्लेव्ह माझ्या लेखी एक मॉडेल नंबर, एक जॉब कार्ड आणि शेवटची सही, एवढाच होता.

मग ती सिस्टर आली. एका अशांत राजधानीतल्या धर्मादाय हॉस्पिटलची. शहराचं नाव लिहीत नाही. ती माणसं अजून तिथेच काम करताहेत. गोळ्यांनी, स्फोटांनी जखमी झालेल्यांवर तिथे मोफत उपचार होतात, सगळं देणग्यांवर चालतं. त्यांनी आमच्याकडून ऑटोक्लेव्ह घेतला होता आणि ही चार दिवस तो शिकायला आली होती. पन्नाशीची, ठेंगणी, सिनेमे बघून शिकलेली हिंदी बोलणारी.

बाकीचे लोक कुठलं बटण कधी दाबायचं ते विचारतात. हिने यंत्र चालू असताना मला मेन स्विच बंद करायला लावला आणि म्हणाली, "लाइट गेली. आता?" तिसऱ्या दिवशी आमचा टेक्निशियन "यल्ला, लंच!" म्हणून सगळ्यांना जेवायला चला अशा हाका मारत होता, तेव्हा ही टॉर्च घेऊन यंत्राखाली आडवी पडली होती.

शेवटच्या संध्याकाळी तिला सिलिकॉन ओएसिसला माझ्या घरी जेवायला नेलं. माझी दहावीतली मुलगी इंग्रजीतच बोलते. तिने सरळ विचारलं, "बट हूज साइड आर यू ऑन?"

सिस्टर हसली. "गेटवर बंदूक ठेवायला सांगतो. बाकी काही विचारत नाही." मग तिने शेजारच्या खाटांवरच्या दोघांची गोष्ट सांगितली. एकमेकांविरुद्ध लढलेले. एकाचे दोन्ही हात बांधलेले, म्हणून दुसरा त्याला सूप भरवायचा.

"दे बिकेम फ्रेंड्स?" मुलीने विचारलं.

"माहीत नाही," सिस्टर म्हणाली. "खाटा फार जवळ आहेत."

तीन महिन्यांनी, एका शनिवारी सकाळी, तिचा व्हिडिओ कॉल आला. शहरात मोठा स्फोट झाला होता, जखमी येतच होते आणि ऑटोक्लेव्हच्या दारातून वाफ गळत होती. निर्जंतुक अवजारांचे दोनच संच उरले होते. मी पोळ्या अर्ध्यावर सोडून गॅलरीत धावले. यंत्र थंड होऊ दे, दाराभोवतीचं रबर काढ, खाच पुसून घे, रबराचा झिजलेला भाग वरच्या बाजूला येईल असं फिरवून बसव, असं सांगत गेले. माझं वाक्य पुरं व्हायच्या आत तिचे हात पुढे गेलेले असायचे. अवजारांची पाकिटं आत ठेवून दार लावलं. वाफ गळायची थांबली.

तिने फोन फळीवर उभा करून ठेवला, तो तसाच चालू राहिला. आरडाओरडा ऐकायची मी तयारी केली होती. पण पलीकडे दोन माणसं चिमटे मोजत होती, हलक्या आवाजात. एक बाई फरशी पुसत होती. बाहेरून कण्हणं ऐकू आलं, की मोजणारे क्षणभर थांबत आणि मग आकडा जिथे सोडला तिथून पुढे मोजत. माझी मुलगी केव्हा शेजारी येऊन उभी राहिली ते मला कळलंच नाही.

वाफेची खेप संपली, दार उघडलं. पाकिटांवरच्या, वाफ लागली की रंग बदलणाऱ्या पट्ट्या काळ्या झाल्या होत्या. म्हणजे झालं! मी म्हटलं, "चालेल, घ्या." खोलीच्या दारात सर्जन उभे होते, एप्रन रक्ताने भरलेला.

सिस्टरने सगळ्यात खालचं, दाराजवळचं पाकीट उचललं आणि फाडलं. आतली पट्टी अर्धीच काळी होती, म्हणजे वाफ आतपर्यंत पुरती पोचलीच नव्हती.

"बाहेरची बरोबर आहे," मी चाचरत म्हणाले.

तिने माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. "बहन, आप अपनी बेटी के लिए इस्तेमाल करोगी?"

ती सर्जनना काहीतरी म्हणाली. ते एकदाच डोळे मिटून मान हलवून परत गेले, आणि तिने सगळी पाकिटं पुन्हा नव्याने बांधायला घेतली. एकही आत तसंच ठेवलं नाही. दार तिने स्वतःच्या हाताने आणखी आवळलं. दुसऱ्या खेपेला खालची पट्टी पूर्ण काळी निघाली, तेव्हाच तिने फोन बंद केला. असल्या यंत्रांच्या सोबतीत बारा वर्षं काढली होती, पण ती कशासाठी असतात हे मला त्या दिवशी पहिल्यांदा दिसलं. मुलगी नुसती "ममा" म्हणाली.

सोमवारी नवं रबर मी स्वतः कार्गोला नेऊन दिलं. ते पोचल्यावर सिस्टरचा व्हॉइस मेसेज आला. मी घाबरत विचारलं होतं, त्या दिवशीचे सगळे वाचले का. "सगळे नाही," ती म्हणाली. मग एका भाजीवालीबद्दल सांगितलं. तिच्या पोटातून छर्रे काढले होते, टाके सुकले, आणि आदल्या दिवशी ती आपल्या पायांनी गेटबाहेर गेली.

मेसेजसोबत फोटो होता. ऑटोक्लेव्हचं दार उघडं, आणि त्याच्यापुढे रांगेत उभी असलेली फरशी पुसणारी बाई, मोजणारे दोघे, ड्रायव्हर, स्वयंपाकी. रबर बदलायला तिने सगळ्यांना शिकवलं होतं.