उशीचं बाळ आणि पर्मनंट नोकरी

आता कुठल्या तोंडानं सांगू तुम्हाला! शहाण्यासारखं वागायचं ठरवलं, की माझा हमखास पोपट होतो.

कॅनडातली माझी नोकरी कॉन्ट्रॅक्टवरची. त्या दिवशी घरूनच व्हिडिओवर प्रेझेंटेशन होतं. जमलं तर पर्मनंट, नाहीतर ऐन विंटरमध्ये पुन्हा अप्लाय करत बसा! वर टाय, खाली पायजमा अशा थाटात मी तासभर बोललो. समोर सगळे चेहरे दगडी. शेवटी आमची मॅनेजर, माँट्रियलची बाई, म्हणाली, "जरा थांब, आम्ही आपसात बोलतो."

मी लगेच म्यूट केलं. म्हणजे आपण अख्खेच बंद, असा माझा समज!

तेवढ्यात सासूबाई टॅबलेट घेऊन आल्या. साताऱ्याहून आल्यापासून त्यांना जुन्या फ्रेंच मूकपटांचं वेड लागलंय. इंग्रजी नको, फ्रेंच नको, माणूस आपटला की हसायचं!

"जावईबापू, चार्जिंग संपलं हो! तो कारकून तान्हं पोर घेऊन ऑफिसात गेला आन् साहेब आला. पुढं काय? तुम्ही काल बघितलाय न्हवं?"

"आई, मीटिंग चालू आहे."

"मग गप का बसलाय? सांगा की!"

सासूबाईंना नाही म्हणायची छाती आहे कुणाची? उशीचं बाळ केलं, सासूबाईंना साहेब केलं. त्या कमरेवर हात ठेवून अशा उभ्या राहिल्या, की मी खरंच घाबरलो! बाळ शर्टात कोंबलं, सलाम ठोकला, बाळ घसरलं, झेलायला गेलो तर चाकाची खुर्ची पळाली, आणि मी पायजम्यासकट जमिनीवर!

बायको दारातला बर्फ शोव्हलनं उपसून आत येत होती. दारातच किंचाळली, "अहो! कॅमेरा चालू आहे तुमचा!"

स्क्रीनवर बघतो, तर कुणी डोळे पुसतंय, कुणी टेबलावर डोकं टेकलंय. मी कसाबसा म्यूट काढला. "सॉरी... या माझ्या सासूबाई..."

"ते राहू दे," मॅनेजर म्हणाली, "बाळाचं पुढे काय झालं?"

"साहेबच त्याला मांडीवर घेऊन जोजवतो. बाप काम उरकतो."

"छान! तुला पर्मनंट केलंय. तेच सांगायला केव्हाच्या हाका मारतोय, पण तू बाळात गुंतलेला!"

मला भरून आलं. म्हटलं, "म्हणजे माझं प्रेझेंटेशन आवडलं?"

"काम तुझं उत्तमच आहे. पण यापुढे क्लायंटसमोर म्यूटवरच राहा. तासभर बोललास ते आम्हाला काडीचंही कळलं नाही, हे मात्र सगळं कळलं!"