बापाची बोली

“हिलो नक्को,” दातांत दोरा धरूनच ती म्हणायची, आणि गिऱ्हाईक श्वाससुद्धा जपून घ्यायचं. तुमच्यापैकी कुणी हैदराबादच्या हिमायतनगरात भुवया कोरून घेतल्या असतील, तर हा दमातला आवाज ओळखाल. तिच्या पार्लरला लागूनच माझं ब्लाउज शिवायचं दुकान होतं.

सगळे तिला चिनी मॅडम म्हणत. जन्म हैदराबादचा, बोलणं अस्सल दखनी. कुणी चीनबद्दल विचारलं की म्हणायची, “मेरे कू कोठी मालूम, चीन नै मालूम.” आम्ही हसायचो.

तिचे वडील तिथल्या कोठी बाजारात जोडे शिवत. हाक्का लोक ते, चीनमधलं आपलं खेडं सोडून आलेले. शाळेच्या फाटकाशी त्यांनी एकदा लेकीला हाक्का बोलीत हाक मारली. मुली हसल्या. घरी जाऊन तिने बापाला बजावलं, माझ्याशी असं बोलायचं नाही. ते पुन्हा तसं बोलले नाहीत. मरेपर्यंत लेकीशी मोडकंतोडकं दखनीच बोलले. एकदा गावचं घर बघून ये, एवढं मात्र सांगत राहिले.

ते गेल्यावर बऱ्याच वर्षांनी ती कोलकात्याच्या चुलतभावाबरोबर तिकडे जाऊन आली. मग एका दुपारी माझ्या दुकानात बसून तिने सांगितलं. घरापुढचं अर्धगोल तळं शेवाळलेलं, दारांना कुलपं, स्वयंपाकघरात बांबू उगवलेला. पूर्वजांपुढे उदबत्ती लावायला एक म्हातारी तेवढी उरलेली. भाऊ गाडी बघायला गेला असताना म्हातारीने हिचा हात धरून काहीतरी विचारलं.

“खाना खाए क्या, पूछरी थी. समझ में आया मेरे कू, ताई.” वडील कामावरून आले की आईला रोज हेच विचारायचे.

“मग?”

“जवाब मुँह में नै आया. मैं ‘हौ’ बोली.”

ते दखनी ‘हो’ ऐकून, कुणी परकी बाई दिसते, असं वाटून म्हातारीने हात सोडला.

मी सुई खाली ठेवली. माझी लेक माझ्याशी मराठी सोडून तेलुगूत बोलायची आणि मला त्याचं कौतुक होतं.

गेल्या वर्षी तिच्या मुलीने तिला कायमचं कॅनडाला बोलावून घेतलं. निघण्याआधी ती मला वडिलांच्या कबरीवर घेऊन गेली. दगड तिने स्वतः घासला. तिला मोकळेपणी बोलता यावं म्हणून मी लांब जाऊन उभी राहिले. तिचे ओठ हलायचे, मिटायचे. बराच वेळ तसंच चाललं होतं.

परतताना रिक्षात ती बाहेर बघत म्हणाली, “माफी बी दखनीच में माँगी, ताई.”