चौघांचा एक फोन आणि काकांचं जुनं गाव

किस्से काही कोणी ठरवून जमवत नाही. आमच्या लॅबमध्ये तपासलेल्या बियाण्याच्या प्रत्येक लॉटचं एक पाकीट जपून ठेवावं लागतं. कित्येक महिने त्याच्याकडे कोणी बघत नाही, आणि एक दिवस कपाट उघडावं तर सगळी पाकिटं अंगावर! किश्श्यांचंही तसंच झालंय. परवा चहा पिताना एका मित्राला सहज म्हटलं, "आम्ही चौघं एकाच फोनवर गेम खेळायचो." तो म्हणाला, "मग भांडणं झाली असतील." आता त्याला कुठून सुरुवात करून सांगू?

नवीन जालन्यात एका बियाणे कंपनीची लॅब आहे, तिथे मी नोकरीला. बी ओल्या कागदावर मांडायचं आणि दिवस भरले की शंभरातलं किती उगवलं ते मोजायचं, हे आमचं काम. साहेबांचा नियम कडक. सकाळी आत येताना सगळ्यांचे फोन पेटीत, पेटीची किल्ली साहेबांच्या खिशात, ती थेट संध्याकाळी बाहेर! आत फोन एकच. ट्रेचे फोटो काढायला कंपनीने दिलेला, माझ्या ताब्यातला.

जेवणाच्या सुट्टीत तो चौघांचा व्हायचा. मी, मोजणीला बसणाऱ्या वैशालीताई, गाडी चालवणारे अशफाकभाई आणि लॅबमधले सगळ्यांत जुने मदतनीस काळेकाका. अशफाकभाईंनी त्यात एक शेतीचा गेम टाकून दिला. पेरायचं, कापायचं, लेव्हल वाढवत गाव वसवायचं.

पहिल्या दिवशी काकांनी गेममध्ये दहा वाफे पेरले. डोळ्यांदेखत दहाही उगवले. काका फोनकडे बघतच राहिले.

"दहाच्या दहा? एकबी मेलं न्हाई?"

वैशालीताईंनी डबा बाजूला सरकवला, चष्मा लावला, वाफे मोजले आणि माझ्याकडे वळून गंभीर चेहऱ्याने म्हणाल्या, "गजूभाऊ, हा रिझल्ट खोटा आहे. फेरतपासणीला पाठवा!"

* * *

सुरुवातीला चौघांत मिळून एकच अकाउंट होतं. आठवडाभर टिकलं. वैशालीताई गुलाब लावायच्या, अशफाकभाई तिथे म्हशी बांधायचे. मी गहू पेरायचा, तो पिकायच्या आत कोणीतरी कापायचं. बोलाचाली इतकी वाढली की एक दिवस चौघं चार दिशांना तोंडं करून जेवलो.

शेवटी अशफाकभाईंनी प्रत्येकाचं वेगळं अकाउंट काढलं. सेटिंगमध्ये जायचं, 'अकाउंट बदला' दाबायचं, आपलं नाव निवडायचं, की आपलं गाव समोर! काका खूश झाले.

"आमच्या भावाभावाच्या वाटण्या बारा वर्षं चालल्या. इथं दोन मिनिटांत झाल्या. तलाठी न्हाई, मोजणी न्हाई, बिलकुल झंझट न्हाई!"

फक्त काकांकडे ईमेल नव्हता, म्हणून त्यांचं अकाउंट गेस्ट म्हणून ठेवलं. काकांनी गेस्टचा अर्थ विचारला. पाहुणा, असं मी सांगितलं.

"मी पाव्हणा? तुम्ही तिघं शाळेत असशाल तवापासून मी हितं बी मोजून राह्यलो!"

पण त्या गेस्टमध्ये खरी मेख होती. आमची तिघांची अकाउंटं कुठल्याही फोनवर उघडली असती. काकांचं मात्र त्या एकाच फोनमध्ये होतं. फोन गेला, की काकांचं गाव गेलं.

* * *

काका खेळायचे भलतंच. आम्ही तिघं लेव्हलच्या मागे धावायचो, काका मात्र विहीर खोदायला चार दिवस जागा शोधत बसायचे. एकदा न राहवून मी म्हटलं, "काका, विहीर शेताजवळ घ्या ना. पाणी लवकर मिळतं, लेव्हल पटापट वाढते."

"विहीर तिथं नव्हती."

"कुठे नव्हती?"

मग काकांनी बोटाने एकेक दाखवलं. ही वेस. हे मारुतीचं देऊळ, त्याचं तोंड असं. हा पार. ही म्हारुद्रअप्पाची गिरणी, हा आमचा गुरांचा वाडगा. परतूरकडचं काकांचं गाव त्यांच्या तरुणपणी धरणाच्या पाण्यात गेलं होतं. ते गाव काका गेममध्ये परत उभं करत होते! वरच्या पाटीवर त्यांनी नाव टाकलं होतं, 'जुनं गाव'.

"फोटू एकबी न्हाई आमच्याकडं," ते म्हणाले. "तवा कोणाकडं कॅमेरा होता? एवढंच राह्यलंय."

मला मनापासून लाज वाटली. इतके दिवस मी त्यांच्या विहिरीला हसत होतो. त्यात काका मार्चअखेर रिटायर होणार होते, आणि लॅबचा फोन त्याच सुमाराला साफ करून जमा व्हायचा होता. त्या दिवसापासून मला माझ्या लेव्हलपेक्षा काकांच्या गावाची काळजी जास्त लागली.

* * *

काळजीत असलो तरी घोळ व्हायचे ते होतच होते. एकदा वैशालीताईंचं खेळून झालं आणि त्यांनी अकाउंट न बदलताच फोन काकांकडे दिला. काकांनी चष्मा पेटीतल्या फोनबरोबरच ठेवून दिलेला. त्यांना समोर नुसतं काटेरी रान दिसलं.

काकांच्या हाताला रान कसं सहन होणार? सुट्टी संपेपर्यंत त्यांनी पूर्ण खुरपणी करून तिथे कापूस लावला.

दुसऱ्या दिवशी वैशालीताईंनी फोन उघडला आणि किंचाळल्याच. "काका! माझे गुलाब!"

"ते गुलाब व्हते व्हय? मला वाटलं घाणेरी माजली."

"तीन महिने वाढवलेले हो!"

"मंग बाई, कापूस बघा की कसा आलाय!"

तेव्हापासून नियम झाला. फोन देणाऱ्याने मोठ्याने विचारायचं, "अकाउंट बदललं?" घेणाऱ्याने बघून सांगायचं, "बदललं!" आम्ही तो इतका कसोशीने पाळायला लागलो, की एकदा मुख्य ऑफिसचे पाहुणे आलेले असतानाही दाराबाहेर तो आवाज गेला. साहेब पाहुण्यांना अभिमानाने म्हणाले, "ऐकलंत? आमच्याकडे प्रत्येक गोष्ट दोघं तपासतात!"

* * *

माझाही एक घोळ आहे, तो लपवून कसं चालेल? साहेबांना रोज ट्रेचे फोटो पाठवायचे असतात. एका दुपारी मी गडबडीत कापसाच्या लॉटच्या नावाने गेममधल्या शेताचा फोटो पाठवून दिला. पाठवल्यावर दहा मिनिटांनी लक्षात आलं. नोकरी गेली असंच वाटलं.

तेवढ्यात साहेबांचा मेसेज आला.

"उगवण उत्तम आहे. ट्रेमधली कोंबडी हाकलून फोटो परत पाठवा."

* * *

अशफाकभाईंचा जीव गेममधल्या म्हशींवर. पण गाडी घेऊन ते कधी तीर्थपुरीला, कधी परतूरला नमुने आणायला जायचे. मग चारा कोण घालणार?

एकदा कृषी खात्याचे एक अधिकारी लॅब बघायला आले होते. साहेब समोर, मी ट्रे धरून उभा, हात ओले. फोन वाजला म्हणून कोपराने कसाबसा उचलला, तर तो नेमका स्पीकरवर!

"गजूभाई, मेरी भैंसां सुबू से भूकी हैं! जल्दी मेरे अकाउंट में जाके चारा डालो ना!"

अधिकाऱ्यांनी साहेबांना विचारलं, "कोण हे?"

"आमचे ड्रायव्हर," साहेब म्हणाले.

"किती म्हशी आहेत?"

मी खरं तेच सांगितलं. "बारा."

"बारा म्हशी सांभाळून ड्रायव्हरकी करतो? कमाल आहे!" अधिकाऱ्यांनी कौतुकाने मान डोलावली. आजही ते आले की अशफाकभाईंकडे घरच्या तुपाची चौकशी करतात. अशफाकभाई दर वेळी सांगतात, "साहब, इस टाइम दूध कम हय."

* * *

मार्च आला. काकांचं गाव त्यांच्या स्वतःच्या फोनवर न्यायचं ठरलं. मी त्यांना ईमेल काढून दिला आणि सांगितलं, "काका, शनिवारी आपण चौघं मिळून गेस्टला हा ईमेल जोडू. तोवर काही करू नका."

पण दम निघेल ते काका कसले! शुक्रवारी घरी बसून त्यांनी आपल्या फोनवर गेम टाकला, नवा ईमेल घातला आणि गाव आलं का ते बघितलं. गाव कुठलं येणार? गेमने त्यांना नवं कोरं रान दिलं. काकांनी त्यात चार वांगी लावली आणि झोपले.

शनिवारी साहेबांची परवानगी काढून काकांचा फोन पेटीतून आत आणला. लॅबच्या फोनवर ईमेल जोडायला गेलो, तर पडद्यावर इंग्रजीत एक चौकट आली. या ईमेलवर आधीच एक गाव आहे. दोघांपैकी एक निवडा. दुसरं कायमचं पुसलं जाईल!

खाली दोन छोटी चित्रं, दोन बटणं. एकीकडे काकांचं अख्खं गाव, दुसरीकडे चार वांगी. अशफाकभाई म्हणाले, "तुम दबाव." मी म्हटलं, "तुम्हीच दाबा." कोणीच दाबेना.

वैशालीताईंनी बी तपासायचं भिंग आणलं आणि फोनवर धरलं. एकेक शब्द मोठ्याने वाचला, मराठीत सांगितला, मग मला वाचायला लावला, मग अशफाकभाईंना.

काका हात मागे बांधून उभे होते. "बराबर वाचा," ते म्हणाले. "मागच्या खेपेला धरणाच्या कागदावर न वाचता अंगठा दिल्ता आमच्या लोकांनी."

हे ऐकून वैशालीताईंनी ते चौथ्यांदा वाचलं. मग काकांचंच बोट धरून बटणावर ठेवलं. चक्र फिरायला लागलं, फिरतच राहिलं. मग काकांच्या फोनवर वेस आली, पार आला, आणि वर पाटी आली, 'जुनं गाव'.

अशफाकभाईंनी काकांना मिठी मारली. वैशालीताई भिंग पुसत बसल्या होत्या, खूप वेळ.

* * *

रिटायर झाल्यावर काकांनी आम्हाला घरी जेवायला बोलावलं. धरणग्रस्तांसाठी वसवलेल्या नव्या गावात त्यांचं घर आहे. आम्ही पोचलो तर ओट्यावर म्हाताऱ्यांची ही गर्दी! काकांचा फोन हातोहात फिरत होता आणि जो तो तक्रार करत होता.

"माझ्या घराचं दार पूर्वेला व्हतं, दिगू!"

"गिरणी इतकी लांब न्हाई. दोन कासरे अलीकडं घे."

"पारावर मी बसायचो ती जागा कोणती?"

दिगू म्हणजे आमचे काका एकेकाचं ऐकून घेत घरं सरकवत होते. तेवढ्यात आवाज एकदम बंद झाले. काठी टेकत एक उंच म्हातारा ओट्याकडे येत होता. काकूंनी वैशालीताईंच्या कानात सांगितलं, ते दत्तूभाऊ. जुन्या गावात शेजारी. त्यांचं म्हणणं, आमच्या गोठ्याची हद्द लिंबाच्या झाडापर्यंत. काका म्हणायचे, लिंब आमचा, तुमची हद्द त्याच्या चार हात आधीच संपते. परतूरच्या कोर्टात केस चालली. पाणी आलं, लिंब बुडाला, गोठा बुडाला, केसही संपली. पण दोघं त्यानंतर एकमेकांशी एक शब्द बोलले नव्हते. लग्नात नाही, मयतीत नाही.

दत्तूभाऊंनी कोणाकडे न बघता हात पुढे केला. कोणीतरी त्यांच्या हातात फोन दिला. त्यांनी तो डोळ्यांजवळ धरला, लांब धरला, परत जवळ आणला. वेशीपासून बोट फिरवत काकांच्या वाडग्यापर्यंत आले आणि थांबले.

"दिगू, माझा गोठा कुठंय?"

काका घसा खाकरून म्हणाले, "गोठ्याला लेव्हल चाळीस लागती. मी सदतीसवर हाय. जागा सोडलीय."

दत्तूभाऊ परत फोनमध्ये वाकले. मोकळ्या जागेवर बोट ठेवून सावकाश मोजायला लागले. मोजून झाल्यावर पुन्हा पहिल्यापासून मोजलं.

"लिंबापर्यंत सोडली?"

"लिंबापर्यंत."

दत्तूभाऊंनी काठी भिंतीला टेकवली, काकांच्या शेजारी मांडी घातली आणि फोन त्यांच्या हातात दिला.

"मंग बसला काय नुसता? खेळ की जल्दी!"