अठ्ठावीस तारखेचं ताट

मेक्सिकोतलं पुएब्ला बघायचं तर ऑक्टोबरच्या शेवटच्या आठवड्यात बघावं, असं अंपारो फोनवर परक्या लोकांना सांगायची, आणि आवाजात इतका गोडवा आणून सांगायची की पलीकडचा माणूस तिथल्या तिथे तिकिटं काढायचा. फोन ठेवला की तोंड वाकडं करून म्हणायची, "या मेल्यांनो, या. माझ्या छाताडावर नाचायला या!" तिच्या सहल-कंपनीची मालकीण माइते वयाने तिच्या निम्मी. ती कानांवर हात ठेवायची, पण अंपारोला बोलायची तिची टाप नव्हती. पाहुण्यांचा आठवडा आखावा तर तो अंपारोनेच, हे सगळ्या गावाला ठाऊक होतं.

तुम्हाला वाटेल त्यात काय एवढं, सकाळी देऊळ, दुपारी जेवण, संध्याकाळी बाजार. करून बघा म्हणजे कळेल. माइतेला वाटायचं, लोक मोले खायला येतात ना, मग गाडीतून उतरल्या उतरल्या वाढा मोले. "वाढ बाई," अंपारो म्हणायची. "चार तऱ्हेच्या मिरच्या वाटलेलं ते कालवण पहिल्याच रात्री घाल त्यांच्या पोटात. मग दुसऱ्या दिवशी देवळं नकोत दाखवायला, संडास दाखव." ती पहिल्या रात्री कोंबडीचा पातळ रस्सा आणि मक्याच्या भाकऱ्या देई. निळ्या-पांढऱ्या भांड्यांचा कारखाना कधीही जेवणानंतर, कारण भरल्या पोटी माणूस निवांत बसून बघतं आणि चार बशा विकतही घेतं. उपाशी पाहुणा नुसती घाई करतो.

आणि या सगळ्याला आधार पितरांचा. आमच्याकडे पितर काही एका दिवशी येत नाहीत. अठ्ठावीसला अपघाताने, घातपाताने गेलेले येतात. एकतीसला लहान मुलं येतात, म्हणून त्या दिवशी ताटात तिखट नाही, दूध आणि गोड. पहिल्या-दुसऱ्या तारखेला अंथरुणावर गेलेली मोठी माणसं. ज्याचा जो दिवस त्या दिवशी बाराच्या घंटेला त्याने यावं, दारापासून टाकलेल्या झेंडूच्या पाकळ्यांवरून चालत आत यावं, आणि आपल्या ताटाशी बसावं. अंपारोने पाहुण्यांचा आठवडाही तसाच बांधला होता. रोज एका घरी, रोज वेगळं ताट. लोक परत जाताना रडायचे. एवढं सुंदर आम्ही कुठे पाहिलं नाही, म्हणायचे.

स्वतःच्या घरचा आठवडा मात्र तिला बांधता येत नव्हता.

तिचा मुलगा नोए चार वर्षांपूर्वी मालाच्या ट्रकवर क्लीनर म्हणून ओरिसाबाच्या रस्त्याने गेला. ट्रक दोन दिवसांनी सापडला, रिकामा. ड्रायव्हर नाही, नोए नाही, रक्ताचा डागसुद्धा नाही. चौकीत म्हणाले, पोरगी-बिरगी असेल, गेला असेल पळून, येईल. अंपारो टेबलावर मूठ आपटून म्हणाली, "माझा मुलगा शेजारच्या गल्लीत गेला तरी मला फोन करतो!" ‘करतो’ म्हणाली, ‘करायचा’ नाही. तेव्हापासून तिच्यासमोर कुणी "नोए फार गुणी होता" म्हणालं की संपलंच. "होता काय? आहे! तुमची जीभ झडली का आहे म्हणायला?" शेजारणी तिला टाळायला लागल्या.

तिचा नवरा इलारिओ बसगाड्यांचे पत्रे ठोकायचा. अबोल माणूस. पहिल्याच वर्षी, अठ्ठावीसच्या सकाळी, तो पितरांचा पाव घेऊन घरी आला. वर तीळ लावलेला मोठा पाव. म्हणाला, "हा नोएसाठी. ताट वाढूया."

"कुणासाठी?"

"अगं, असेल तर असेल, देव करो. पण नसेल तर? सगळ्यांची पोरं आज घरोघर जेवतायत. आपला दारात उभा राहून बघत असेल. उपाशी."

"आणि जिवंत असेल तर?" अंपारो किंचाळली. "जिवंत माणसाचं ताट वाढतोस? आपल्या हाताने मारतोस त्याला? मी ताट वाढलं तर उद्यापासून त्याला शोधणार कोण?" तिने तो पाव हिसकावून खिडकीतून गल्लीत फेकला. इलारिओ खाली गेला. बराच वेळ वर आला नाही. त्या दिवसापासून त्यांच्या घरात नोएच्या ताटाचं नाव कुणी काढलं नाही. दोन तारखेला तिच्या आईवडिलांची ताटं वाढली जात. अठ्ठावीस तारीख मात्र त्या घराने कॅलेंडरातून फाडून टाकली. त्या दिवशी अंपारो पाहुण्यांबरोबर असायची, सकाळपासून रात्रीपर्यंत, मुद्दामच.

यंदा कॅनडातल्या विनिपेगच्या आठ निवृत्त मास्तरणी आल्या होत्या. अठ्ठावीसला त्यांचं जेवण एर्मिलाबाईच्या घरी ठरलं होतं, तिचा भाऊ विजेच्या खांबावरून पडून गेलेला. सकाळी अंपारो बायकांना घेऊन मोठ्या देवळात पोचली तोच एर्मिलाचा फोन. लेकीला महिन्याआधीच कळा लागल्या, घराला कुलूप, आम्ही सगळी दवाखान्यात. अंपारोने कपाळावर हात मारला. आठ उपाशी मास्तरणी घेऊन जाऊ कुठे? अठ्ठावीसचं ताट काय कुणाच्याही घरी असतं? मग तिला नणंद आठवली. फिदेलाचा नवरा क्रिस्पीन ट्रकखाली गेला होता, म्हणजे तिच्याकडे आजचं ताट असणारच.

"आज?" फिदेला फोनवर म्हणाली. "आजच, वहिनी?"

"आजच गं बाई. पितरं काय माझ्या सोयीने येतात? आठ जणी आहेत. मोले आहे ना?"

"मोले आहे, पण घर... घर आवरलेलं नाही."

"घर आवरायला कोण सांगतंय? त्यांना असलंच हवं असतं. भाकऱ्या जास्तीच्या कर, मी तासाभरात आले." आणि तिने फोन ठेवला. समोरची काय बोलू पाहते आहे ते ऐकायची तिला सवयच राहिली नव्हती.

गाडी पोचली तेव्हा बारा वाजून गेले होते. दारापासून पाकळ्यांची वाट होती. धूप इतका दाटला होता की पहिल्यांदा काही दिसेना. अंपारो सवयीने बोलत आत शिरली, वाकून या, पाकळ्यांवर पाय देऊ नका, ती पितरांची वाट आहे. मेणबत्त्यांच्या मागे क्रिस्पीनचा मिशीवाला फोटो होता, पुढे त्याचं ताट आणि बियर. आणि त्याच्या बाजूला दुसरं ताट. मोले, टर्कीची तंगडी, संत्र्याचं सरबत. त्यामागे नोए. निळा शर्ट, एक डोळा मिचकावलेला, कारण आई फोटो काढत होती आणि त्याला हसू आवरत नव्हतं. तो फोटो अंपारोनेच काढला होता.

तिने फिदेलाकडे पाहिलं. फिदेला भिंतीला पाठ लावून उभी होती. "काढणार होते, वहिनी," ती पुटपुटली. "शपथ घेऊन सांगते, हात लावला होता. तेवढ्यात बाराच्या घंटा सुरू झाल्या. मग कसा काढू? दारात आला असला तर?"

आता मागे आठ बायका. पुढे पोर. तिथून पळावं तर वाटही पाकळ्यांची.

डोरीन नावाची एक म्हातारी, फार मायाळू, पुढे वाकून बघत होती. क्रिस्पीनचं तिने ऐकून घेतलं. या जेवणाचं नंतर काय करता, तिने विचारलं. संध्याकाळी घरचे खातात, अंपारो म्हणाली. पण त्याला चव नसते. येणारा येतो आणि चव घेऊन जातो, मागे नुसता चोथा राहतो. बायका हसल्या, मान हलवू लागल्या. मग डोरीनने बोट दाखवलं. "आणि हा? इतका लहान? याला काय झालं?"

अंपारोची जीभ वीस वर्षांची कसलेली. पाहुण्याने विचारलं की उत्तर द्यायचंच, खोळंबा करायचा नाही, पुढच्या ठिकाणी उशीर होतो. ती जीभ तिला न विचारता चालली. "हा या घरचा भाचा. ओरिसाबाच्या रस्त्यावर अपघात झाला, चार वर्षं झाली." आणि कुणीही विचारलेलं नसताना ती म्हणाली, "जागच्या जागी गेला. त्रास झाला नाही."

डोरीनने डोळे टिपले. "तेवढं तरी त्याच्या आईला बरं," ती म्हणाली.

"हो," अंपारो म्हणाली. "तेवढं बरं."

मग सगळ्या जेवायला बसल्या. तिने वाढलं. मोलेत काय काय पडतं ते सांगितलं, अजून घ्या म्हणाली, हसलीसुद्धा. त्यानंतर भांड्यांचा कारखाना झाला, मिठाईची गल्ली झाली. एकाही ठिकाणी उशीर झाला नाही. बायकांना हॉटेलवर सोडलं आणि ती चालत फिदेलाच्या घराकडे निघाली. तो फोटो नवऱ्यानेच तिथे नेला असणार, त्याला धरून फाडायचंच, एवढं एकच तिच्या डोक्यात होतं.

इलारिओ तिथेच होता, फोटोंपुढे बुटक्या खुर्चीवर, टोपी गुडघ्यावर. फिदेला वहिनीला बघून मागल्या अंगणात गेली.

"किती वर्षं चाललंय हे?"

"पहिल्यापासून," इलारिओ म्हणाला. "तू फेकलेला पाव उचलला, झटकला, इथे आणून ठेवला."

"बाप आहेस का कोण आहेस? चार वर्षं मी मातीत सळया खुपसत फिरते. दर रविवारी. खाली पुरलेल्या प्रेताचा वास येतो का म्हणून सळईचं टोक हुंगते, नाक फुटायची वेळ आली. आणि तू इथे बसून त्याला पुरतोयस?"

"आणि तू आज काय सांगितलंस त्या बायकांना?" त्याचा आवाज चढला नाही. "फिदेलाला इंग्रजी येत नाही, पण ओरिसाबा कळतं."

अंपारो खाली फरशीवर बसली.  

"जागच्या जागी गेला म्हणाले मी," ती म्हणाली. "त्रास झाला नाही म्हणाले."

"बरं केलंस," इलारिओ म्हणाला. मग म्हणाला, "तुला एक सांगायचं राहिलंय. दर वर्षी संध्याकाळी मी येतो आणि त्याचं ताट घेऊन बसतो. तो येऊन गेला असेल, आता खायला हरकत नाही, म्हणून."

"मग?"

"क्रिस्पीनच्या ताटातलं खाऊन बघ. भुसा. फिदेलाला विचार, दर वर्षी भुसाच. नोएच्या ताटात मीठ असतं, तिखट असतं. सगळं जिथल्या तिथे असतं, अंपारो. चारही वर्षं."

ती ताडकन ताठ बसली. "म्हणजे जिवंत आहे! मी काय सांगत होते? चार वर्षं मी काय सांगत होते?"

"पहिल्या वर्षी मलाही तसंच वाटलं. तुला सांगायला धावत निघालो होतो. मग वाटेतूनच परत फिरलो. जिवंत असता तर तुला फोन केल्याशिवाय राहिला असता? तूच सांग. नोए? चार वर्षं?" त्याने टोपी खाली ठेवली. "आणि गेला असेल, तर मग इथे का येत नाही? असा कुठे टाकलाय त्याला, की तिथून घरची वाट सापडत नाही? मला रोज तेच दिसतं. तुला कसं सांगू हे? तू सळई घेऊन निघायचीस, तुझ्याकडे तेवढं तरी होतं."

 अंपारोने नोएचं ताट पुढे ओढलं. भाकरीचा तुकडा मोडला, मोलेत बुडवला. इलारिओ तिच्या तोंडाकडे बघत राहिला. चव नसू दे, असं ती मनात म्हणत होती की असू दे, ते तिचं तिलाच कळत नव्हतं.

घास तोंडात जाताच तिच्या डोळ्यांत पाणी आलं. मिरची होती, तीळ होते, दालचिनी होती, शेवटी मागून येणारी चॉकलेटची कडवट चवही होती. एक जिन्नस हरवला नव्हता. तिने दुसरा घास घेतला. मग ताट नवऱ्याकडे सरकवलं. पितरांचं ताट टाकून द्यायचं नसतं, म्हणून दोघांनी मिळून ते संपवलं. जेवण फार चवदार झालं होतं.