दुसरीच्या नावाची बाटली

अन्याय झाला तो मंगल सोनटक्के या बाईवर, गेल्या वर्षीच्या खंडेनवमीला. ती माझी आई. चाकणच्या एका कारखान्यात त्या दिवशी मशिनींना झेंडूचे हार घातले, पेढे वाटले आणि बायकांची वार्षिक तपासणीही उरकून घेतली. आईने लघवीची बाटली भरून दिली. बाटलीवर नाव सुनीताचं.

कारण आईच्या गळ्यातला गेटपासच सुनीताचा होता. सुनीता काम सोडून हिंगोलीला गेली, ठेकेदाराने तिच्या जागी आईला उभं केलं. नवा पास काढायची तसदी कोण घेणार? आमच्या पट्ट्यात हे सगळ्यांना माहीत आहे आणि सगळे चालवून घेतात. आईसुद्धा म्हणायची, "काम माझं, नाव तिचं. काय बिघडतंय?"

बिघडलं ते असं. बाटलीत रक्त सापडलं, डोळ्यांना न दिसण्याइतकं. तपासणीवाल्यांनी पासवरच्या नंबरला फोन लावला. तो वाजला हिंगोलीत. सुनीताला वाटलं, आपलीच कुठली जुनी बाटली असेल. घाबरून तिने तिथे तपासून घेतलं. काही निघालं नाही. विषय मिटला. ज्या बाईचं रक्त होतं ती पार्ट धुवायच्या लाइनवर उभीच.

उन्हाळ्यात आईची लघवी लाल झाली. दुखत काहीच नव्हतं. "बीट खाल्लं असंल," म्हणाली. घरात बीट आणलंच नव्हतं. वाचणाऱ्यांनो, न दुखता रक्त जाणं हाच इशारा आहे. दुखायची वाट बघू नका.

मग सोनोग्राफी. मग युरिन सायटॉलॉजी, म्हणजे लघवीतून गळून आलेल्या पेशी सूक्ष्मदर्शकाखाली बघणं. मग सिस्टोस्कोपी, म्हणजे लघवीच्या मार्गातून बारीक दुर्बीण मूत्राशयात घालणं. बाहेर बाकड्यावर बसलो होतो. सिस्टरने हाक मारली, "सुनीता!" आई उठून उभी राहिली. पलीकडून सुनीता नावाची दुसरीच एक पेशंटही उठली.

"मावशी, तुम्ही मंगल ना? बसा की."

"सवय हाय बाई," आई म्हणाली. सगळे हसले. मला हसू आलं नाही.

डॉक्टर मॅडमनी सरळ सांगितलं, "कॅन्सर आहे. अजून स्नायूत शिरलेला नाही, पण जात आक्रमक आहे." त्यांनी स्लाइडचा फोटो दाखवला. एका पेशीच्या पोटात दुसरी, अख्खी.

"हिने तिला खाल्लं?" मी विचारलं.

"खाल्लंच असं नाही. काही वेळा आतली स्वतः घुसते, जिवंत. त्याला एन्टोसिस म्हणतात. बहुतेकदा आतली मरते, बाहेरची तिला पचवून त्यावर जगते. कधी आतली तगते, सुटून बाहेरही येते. पण ती आत असताना बाहेरच्या पेशीला धड दोन होता येत नाही. तिची गुणसूत्रं बिघडतात, आणि अशी बिघडलेली पेशी पुढे जास्त दांडगी होऊ शकते."

"म्हणजे वाईटच?"

"तसंही नाही. कधी यात कॅन्सरच्याच पेशी मरतात. अजून सगळं कळलेलं नाही."

आई फोटोकडे बघत राहिली. म्हणाली, "ही आतली मीच की. सुनीताच्या पासात."

आजार कारखान्याने दिला असं मी म्हणत नाही. कारण सांगता येणार नाही, असं मॅडमच म्हणाल्या. पण उशीर दिला. तो ठेकेदाराने दिला आणि तो मी माफ करणार नाही.

मी जाब विचारायला गेले तर हा गृहस्थ म्हणतो, "ताई, बोभाटा नको. बाकीच्या बायकांचं काम जाईल." मी आईचं झालं ते सगळं लिहून चिखलीत पत्रकं छापली आणि शिफ्ट सुटताना गेटवर वाटली.

दुर्बिणीतून गाठ खरवडून काढली. मग बीसीजी. बाळांच्या दंडावर टोचतात तीच लस मूत्राशयात सोडतात, शरीराची लढाई जागी करायला. जळजळ होते, ताप येतो. तापातच आईला सुनीताचा फोन आला.

"मंगलताई, नाव माझं वापरलंस आणि दुखणं एकटीच घेऊन बसलीस व्हय गं?"

"आगं, ते तरी माझ्या नावावर असू दे!" दोघी हसल्या, मग दोघी रडल्या.

पुढची दुर्बीण स्वच्छ निघाली. हा आजार परत येऊ शकतो, म्हणून तपासत राहायचं. मॅडमचे, सिस्टरचे उपकार आहेतच. पण सगळ्यात जास्त उपकार आईच्या लाइनवरच्या बायकांचे. पुढच्या तपासणीला त्यांनी बाटल्या रिकाम्या परत केल्या. "आधी आमचं नाव लिहा," म्हणाल्या. ठेकेदाराला एकीलाही कामावरून काढता आलं नाही, कारण सगळ्या एकदम बोलल्या. पास नवे निघाले.

आता तुमच्या गळ्यातला पास उलटा करून वाचा. नाव तुमचं नसेल तर उद्या लाइनवर शेजारणीला तिचंही विचारा. मग सगळ्या मिळून गेटवर जा आणि स्वतःचं नाव मागा. ते मिळेपर्यंत बाटली भरू नका.