नासेलची जीभ

वेरून बंदरात नासेलच्या जिभेचा दरारा होता. मासे मिठात मुरवून जे तेराक करतात, त्याचा थेंब जिभेवर ठेवला की ती सांगायची, हे सात महिन्यांचं, हे वर्षाचं, आणि या रांजणात पहिल्या आठवड्यात पाणी गेलंय. विद्या आईकडून आलेली. लग्न केलं नाही, माणसं फार जोडली नाहीत. अभिमान होता तो एवढ्या एकाच गोष्टीचा.

टेकडीवरच्या काळघराला तिची गरज पडली ती याच जिभेपायी. तिथे एका दगडी खोलीत काळ पळवायचे प्रयोग चालत. बाहेर मोठं चाक एक फेरा घेई, अर्धा तास लागे, तेवढ्यात आत कित्येक दिवस, कधी कित्येक महिने उलटून जात. नेमके किती, हे मोजायचं कसं? घड्याळ आत नेलं की त्याची कमान तुटायची. एकदा अंदाजाने बकरी ठेवली, तर दार उघडल्यावर हाडं मिळाली. तेव्हापासून नियम झाला. आधी ताज्या तेराकाचा रांजण आत जाईल, नासेल चाखून दिवस सांगेल, मगच त्याच फेऱ्यावर जिवंत काही आत जाईल. आठ वर्षं ती सांगत आली. एकदाही चुकली नाही.

नवव्या वर्षी माणूस पाठवायचं ठरलं. दिलो दोरवळ्या आपण होऊन तयार झाला. शांत डोक्याचा, एकट्याने तासन्‌तास दोर वळणारा माणूस. नासेलच्याच गल्लीत राहायचा.

रांजण बाहेर आला त्या दिवशी नासेलला सर्दी होती. पाच दिवस नाक बंद, जीभ लाकडासारखी. थेंब ठेवला, नुसतं खारट लागलं. आज जमत नाही, आठवडाभर थांबा, एवढं म्हटलं असतं तर झालं असतं. पण समोर थोरले संशोधक होराम उभे होते, आणि गेल्याच महिन्यात ते कुणाला तरी म्हणाले होते, बाईंचं आता वय झालं. ते तिच्या कानावर आलं होतं. तिने वाटी उजेडात धरली. रंग फिकट होता.

"चाळीस दिवस," ती म्हणाली.

मीठ या खेपेला नव्या आगरातलं होतं आणि त्याने रंग उशिरा चढतो, हे तिला माहीत होतं. त्या क्षणी आठवलं नाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी दिलो निघाला. साठ दिवसांचा शिधा बरोबर, पाण्याचा झरा आतच होता.

"मावशी, चाळीस दिवस हिची बडबड नाही," तो नासेलला हसत म्हणाला.

"जा, जा," त्याची बायको परिमा म्हणाली. "मला अर्धाच तास शांतता, आणि तुला आल्यावर सगळं एकदम ऐकावं लागेल."

चाक फिरू लागलं की मधे थांबवता येत नसे. फेरा संपला, दार उघडलं. दिलो भिंतीला टेकून बसला होता. दाढी गळ्यापर्यंत, हाडांवर नुसती कातडी. कमरेचा चामडी पट्टा त्याने चावून खाल्ला होता. परिमा पुढे गेली तर त्याने हात आडवा धरला, उजेड सहन होत नव्हता.

त्याच दुपारी नासेलने परवाची उरलेली वाटी मागून घेतली. सर्दी उतरली होती. जिभेला लगेच कळलं. चार महिने.

ती होरामांकडे गेली. त्यांनी ऐकून घेतलं आणि दार लोटलं.

"चाकाचा दात घसरला, असं आम्ही लिहिलंय, नासेलबाई."

"दात घसरला नव्हता, साहेब."

"ते तुम्हाला आणि मला माहीत आहे. बंदराला कळलं तर काळघराला टाळं लागेल. घरी जा."

ती घरी गेली, आणि वीस दिवस गप्प राहिली. रोज माशाचं सार घेऊन दिलोकडे जायची. तो दार उघडं असेल तरच जेवायचा. कुणी लोटलं की घास हातात तसाच राहायचा.

"सगळे दोन दिवस येऊन गेले," परिमा एकदा म्हणाली. "तू तेवढी येतेस, मावशी. सख्खी असतीस तरी एवढं केलं नसतंस."

हे नासेलला सोसलं नाही. तिने तिथेच चुलीपाशी सगळं सांगून टाकलं.

परिमाने चुलीतलं लाकूड मागे ओढलं. मग म्हणाली, "सर्दी झालीय, एवढं सांगायला काय लागत होतं?"

"लाज वाटली."

"लाज."

आतून दिलोचा आवाज आला. आल्यापासून तो धड दोन वाक्यं बोलला नव्हता. "झोपून उठलो की मी भिंतीवर एक रेघ मारायचो. एक्केचाळिसावी मारली तेव्हा वाटलं, मावशीची जीभ चुकत नाही, म्हणजे मीच मोजायला चुकलो. सगळ्या पुसल्या. पुन्हा पहिलीपासून मारायला लागलो. पाच वेळा पुसल्या, मावशी. मला वाटलं, डोकं फिरलं आपलं."

नासेलला भुकेचं माहीत होतं. हे माहीत नव्हतं.

"तुझं भांडं घेऊन जा," परिमा म्हणाली. "आणि उद्यापासून येऊ नकोस."

दुसऱ्या दिवशी नासेलने बंदराच्या पंचांपुढे उभं राहून तेच सांगितलं, होरामांचं बोलणंही सांगितलं. बरीच आरडाओरड झाली. होरामांची बदली झाली. काळघर वर्षभर बंद राहिलं, मग तीन चाखणाऱ्यांना नेमून पुन्हा सुरू झालं. माणूस मात्र त्यांनी अजून आत पाठवलेला नाही.

नासेल आता किनाऱ्यावर मासे खारवते आणि जाळीवर वाळत घालते. कुणी थेंब पुढे केला तर नकारार्थी मान हलवते. लोक म्हणतात, बाईने जीभ गहाण टाकली. ती पुढच्या माशाला मीठ लावते.

दिलो चार भिंतींत काम करू शकत नाही, म्हणून त्याने दोराची खुंटी वाळूत आणून ठोकली. ती नासेलपासून वीसेक पावलांवर आहे. पहिले काही महिने दोघं एकमेकांकडे बघतही नव्हते. हल्ली वारा फिरला की तो तिकडून सांगतो, जाळी आत घे, आणि ती घेते. परिमा डबा घेऊन येते, नवऱ्याला देते आणि नासेलच्या मागून, न बोलता निघून जाते.